जोडणी कोणाची?

'लुइझियाना स्टोरी' (१९४८) मी इंजिनिअरच्या हौसेनं, तेलविहिरीचा डेरिक बघायला लावला आणि सुरुवातीच्या पाणथळीतच अडकलो. कमळाची पानं, संथ पाणी, होडीतला मुलगा. मगर एका शॉटमध्ये, मुलगा दुसऱ्यात. छातीत धडकी भरते ती जोडणीमुळे!

दिग्दर्शक रॉबर्ट फ्लॅहर्टी. जोडणी हेलन व्हॅन डाँगेन यांची. जन्म १९०९, अ‍ॅमस्टरडॅम. समुद्र हटवून जमीन करणाऱ्यांवरचा योरिस इव्हेन्स यांचा 'न्यू अर्थ'ही त्यांनीच जोडला होता. 'लुइझियाना'च्या संगीतासाठी व्हर्जिल थॉमसनना १९४९ चं पुलित्झर मिळालं. बाईंचं नाव मला चाळिशीत कळलं. १९५० मध्ये लग्न करून त्या व्हर्मॉंटला गेल्या नि कात्री खाली ठेवली, ती कायमची. का, हे मला अजून खटकतं.

चित्रीकरणाच्या काळातली त्यांची डायरी १९९८ साली छापली गेली. ती वाचायला घेतली आहे. आमच्या रायगड सहलीच्या टेपा मात्र तशाच पडून आहेत.