निवृत्तांची थकबाकी: कोणते दार ठोठवावे?

किल्लारीचा शेतकरी सहकारी साखर कारखाना कित्येक वर्षे बंद होता. असे कारखाने थांबले की निवृत्त कामगार ग्रॅच्युइटीसाठी अध्यक्षांच्या दारी, नाहीतर सहकार खात्यात खेटे घालतो. पण संस्था सहकारी असली, तरी हा वाद सहकार न्यायालयाचा नव्हे. महाराष्ट्रात असे दावे कामगार न्यायालयातच चालत आले आहेत.

हिशेब अवघड नाही. शेवटचा मूळ पगार आणि महागाई भत्ता मिळून 13,000 रुपये असतील, तर त्याला 26 ने भागा, 15 ने गुणा, मग नोकरीच्या वर्षांनी गुणा. 28 वर्षांचे 2,10,000 रुपये होतात! 1972 च्या कायद्याने ही रक्कम तीस दिवसांत द्यायची होती, उशीर झाल्यास व्याजासह. आदेश होऊनही संस्था देईना, तर दाखल्यावरून जिल्हाधिकारी ती शेतसाऱ्याच्या थकबाकीसारखी वसूल करीत. 21 नोव्हेंबर 2025 पासून त्या कायद्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता आली आहे. तेव्हा अर्जाआधी आपली निवृत्तीची तारीख पाहावी.

‘साखर बँकेकडे तारण आहे, पैसे कुठून देऊ?’ हे ठरलेले उत्तर. भविष्यनिर्वाह निधीपुरते ते टिकत नाही. महाराष्ट्र राज्य सहकारी बँकेच्याच प्रकरणात 2009 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की थकलेल्या फंडाचा हक्क बँकेच्या आधी, तारण साखरेवरसुद्धा. हा निकाल फंडाचा आहे, ग्रॅच्युइटीचा नव्हे. म्हणून फंडाची तक्रार भविष्यनिर्वाह निधी कार्यालयाकडे वेगळी द्यावी, सोबत शेवटची पगारपावती जोडून.