मोबाईलवरून सोडवा संगणकाची अडवणूक



जुलै २०२४ मधली गोष्ट. दुपारचे साडेबारा वाजले होते. मी कचेरीत डबा उघडून बसलो होतो, तोच मोबाईल वाजला. आमच्या वस्तीतल्या अभ्यासिकेतून एका मुलीचा फोन होता. आवाज रडवेला.

"काका, एक वाजता माझी मुलाखत आहे आणि माझा आवाजच जात नाही. हेडफोनसुद्धा बदलून बघितला. काहीच होत नाही."

मुलगी बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला. वडील नाक्यावर उभे राहून रोजाचे काम शोधतात, आई चार घरची धुणीभांडी करते. एका खाजगी कंपनीत हिशेब लिहिण्याची जागा होती आणि मुलाखत संगणकावर द्यायची होती. अभ्यासिकेतला संगणक आम्ही वर्गणी काढून घेतलेला, जुना वापरलेला. मी दीड तासाच्या अंतरावर. लोकल पकडून पोहोचेपर्यंत मुलाखत संपलीच असती.

मी तिला म्हटले, "संगणक बंद करू नकोस. फोनही ठेवू नकोस. मी इथूनच बघतो."

डबा बाजूला सारला, कानात वायर घातली आणि मोबाईलवर 'क्रोम रिमोट डेस्कटॉप' हे अ‍ॅप उघडले. पिन टाकताच अभ्यासिकेतल्या संगणकाचा पडदा माझ्या हातातल्या मोबाईलवर दिसू लागला. बोट फिरवले की तिकडचा बाण फिरत होता.

आधी ब्राउझर पाहिला. मुलाखतीच्या पानाचा पत्ता असतो त्या पट्टीच्या डाव्या टोकाला एक लहान चिन्ह असते. ते दाबल्यावर मायक्रोफोनसमोर 'ब्लॉक' असे दिसले. म्हणजे त्या पानाने माइक वापरू का, असे कधीतरी विचारले होते आणि कोणीतरी 'नाही' दाबले होते.

"काका, कालच विचारलं होतं. तुम्हीच सांगितलं होतं ना, अनोळखी ठिकाणी हो म्हणायचं नाही."

ऐकून मी गप्पच झालो. होय, मीच सांगितले होते. परवानगी देऊ नका, एवढे शिकवले. कुठे द्यायची ते शिकवायचे राहिले. चूक पोरीची नव्हती, माझी होती.

'ब्लॉक'चे 'अलाउ' केले, पान पुन्हा उघडले. तरी आवाज नाही. घड्याळात पाऊण वाजला. मग विंडोजच्या सेटिंग्जमध्ये शिरलो. 'प्रायव्हसी अँड सिक्युरिटी', त्यात 'मायक्रोफोन'. तिथे अगदी खाली डेस्कटॉप अ‍ॅप्सना माइक वापरू देण्याचे बटण होते, ते बंद! आधीच्या मालकाने बंद ठेवलेले असावे. ते चालू केले. साउंडच्या पानावर माइक उघडून तिला म्हटले, "आता तुझं नाव सांग." ती बोलली आणि मोबाईलवर एक लहान पट्टी हलताना दिसली. आवाज पोहोचत होता. एकला पाच मिनिटे कमी होती.

कुलूप एक नसते

या प्रसंगावरून एक गोष्ट ध्यानात घ्यावी. संगणकात परवानगीचे कुलूप एक नसते. घराला जसे फाटक, दार आणि कपाट अशी वेगवेगळी कुलपे, तसेच इथेही.

पहिले कुलूप विंडोजचे. माइक आणि कॅमेरा यांची पाने वेगवेगळी असतात. प्रत्येक पानावर तीन गोष्टी पाहाव्यात: सबंध संगणकासाठीचे बटण, अ‍ॅप्ससाठीचे बटण आणि खाली डेस्कटॉप अ‍ॅप्सचे बटण. क्रोमसारखा ब्राउझर या तिसऱ्या बटणात मोडतो. म्हणून वरची दोन्ही चालू असूनही आवाज जात नाही आणि माणूस हेडफोन बदलत बसतो.

दुसरे कुलूप ब्राउझरचे. एका संकेतस्थळाला दिलेली परवानगी दुसऱ्या संकेतस्थळाला लागू होत नाही. बदल केल्यावर पान पुन्हा उघडायला विसरू नये.

तिसरे कुलूप फायली आणि फोल्डरचे. अर्ज भरला, पण जतन करताना 'परवानगी नाही' असा संदेश येतो. कधी कधी 'विंडोज सिक्युरिटी'मधील 'रॅन्समवेअर प्रोटेक्शन' या भागात 'कंट्रोल्ड फोल्डर अ‍ॅक्सेस' चालू असतो. तो आपल्या फायलींचे रक्षण करतो, म्हणून तो सगळाच बंद करू नये. तिथेच एखाद्या विश्वासाच्या अ‍ॅपला मोकळीक देण्याची सोय आहे, ती वापरावी. अडचण एका अ‍ॅपची असेल तर सबंध पहारा उठवायचा नाही.

तयारी आधीच हवी

दुरून दुरुस्ती करता आली, कारण तयारी आधीच केलेली होती. ऐन वेळी ती होत नाही. संगणकावर क्रोममध्ये गूगलच्या खात्याने शिरून क्रोम रिमोट डेस्कटॉप बसवावे लागते. तिथे संगणकाला नाव आणि किमान सहा आकडी पिन द्यावा लागतो. मग मोबाईलवर तेच अ‍ॅप घेऊन त्याच खात्याने शिरले की संगणकाचे नाव यादीत दिसते. यासाठी पैसे पडत नाहीत.

आम्ही अभ्यासिकेसाठी खाते वेगळे काढले आहे. कोणाचे घरचे खाते त्यात गुंतवले नाही. खात्याला दोन टप्प्यांची पडताळणी लावली आहे. पिन म्हणून जन्मतारीख किंवा ओळीने आकडे ठेवलेले नाहीत.

संगणक झोपी गेला तर मोबाईलवरून तो सापडत नाही. म्हणून 'पॉवर'च्या सेटिंग्जमध्ये, वीज जोडलेली असताना झोपण्याची वेळ 'नेव्हर' करावी. लॅपटॉप असेल तर झाकण मिटू नये. मोबाईलचा पडदा लहान, म्हणून दोन बोटे फाकवून चित्र मोठे करावे. उजवे बटण दाबायचे असेल तेव्हा दोन बोटांनी एकदम टिचकी द्यावी. अक्षरे लिहायला अ‍ॅपमधून मोबाईलचा कीबोर्ड वर आणता येतो.

काही कामे मात्र दुरून होत नाहीत. कॅमेऱ्यावरची सरकपट्टी मिटलेली असेल, हेडफोनची पिन अर्धवट बसली असेल, तर तिथे बसलेल्या माणसाचेच हात लागतात. कधी कधी विंडोज प्रशासकाची परवानगी मागताना पडदा अंधारतो आणि दुरून मदत करणाऱ्याला काही दिसेनासे होते. अशा वेळी समोर बसलेल्याने संदेश मोठ्याने वाचून दाखवावा आणि दोघांनी ठरवूनच 'येस' दाबावे. म्हणून काम चालू असताना फोनवर बोलत राहणे फार उपयोगी.

हेच दार चोरालाही

आता नाण्याची दुसरी बाजू. ज्या वाटेने मी मदतीला गेलो, त्याच वाटेने चोरही येतो.

आमच्या शेजारी एक निवृत्त कामगार राहतात. सगळे त्यांना दादा म्हणतात. एका संध्याकाळी त्यांना फोन आला, "तुमचे विजेचे बिल थकले आहे, आज रात्री वीज तोडणार. हे अ‍ॅप घ्या आणि त्यातला आकडा सांगा." दादा घाबरले. पण नशिबाने आकडा सांगण्याआधी त्यांनी मला हाक मारली. ते अ‍ॅप दुसऱ्याचा पडदा पाहण्याचेच होते. आकडा दिला असता तर बँकेचा ओटीपी चोराला थेट दिसला असता आणि निवृत्तीचा पैसा गेला असता.

भारतीय रिझर्व्ह बँकेने फेब्रुवारी २०१९ मध्येच 'एनीडेस्क' या अ‍ॅपच्या आडून होणाऱ्या अशा फसवणुकीबद्दल बँकांना सावध केले होते. अ‍ॅप स्वतः वाईट नसते. प्रश्न असतो तो ते कोणाच्या सांगण्यावरून घेतले याचा. म्हणून घरात एक नियम लिहून ठेवा: मदत आपण मागितली असेल आणि मदत करणारा आपल्या माहितीतला असेल, तरच दार उघडायचे. जो स्वतःहून फोन करून मदत करायला निघतो, त्याचा फोन ठेवून द्यायचा. बँक, वीज कचेरी, पोलीस असे कोणाचेही नाव त्याने घेतले तरी.

एवढे करूनही आकडा दिला गेला, तर लाज धरून गप्प बसू नका. ताबडतोब इंटरनेट बंद करा, अ‍ॅप काढून टाका, बँकेला कळवा आणि १९३० या सायबर फसवणुकीच्या राष्ट्रीय मदत क्रमांकावर तक्रार करा. जितकी घाई कराल तितकी पैसे अडवण्याची आशा अधिक.

मदत करणाऱ्यानेही मर्यादा पाळली पाहिजे. पिन माझ्याजवळ आहे म्हणून वाटेल तेव्हा अभ्यासिकेचा पडदा मी उघडत नाही. तिथे मुली बसतात, आपले अर्ज भरतात, घरच्यांना पत्रे लिहितात. आधी फोन करून विचारतो, "आत येऊ का?" हो म्हटले तरच जातो, आणि काम झाले की लगेच जोडणी तोडतो. यंत्राची परवानगी आकड्याने मिळते, माणसाची विचारल्याशिवाय मिळत नाही.

त्या मुलीचे पुढे काय झाले? ती जागा तिला मिळाली नाही. संध्याकाळी भेटली तेव्हा म्हणाली, "काका, दोन प्रश्न चुकले. पण बोलले मी सगळं." आवाज गेला नाही म्हणून हरणे वेगळे आणि बोलून हरणे वेगळे. दुसऱ्यात पुढच्या खेपेची तयारी असते. आता अभ्यासिकेत कोणाचीही मुलाखत असली की आदल्या दिवशी ती स्वतः बसते, माइक, कॅमेरा आणि परवानग्या तपासते आणि वहीत बरोबरची खूण करते. तिने ते काम हाती घेतल्यापासून ऐन मुलाखतीच्या वेळी मला फोन आलेला नाही.

आपल्याही वस्तीत, घरात एखादा जुना संगणक असेल. या रविवारी अर्धा तास काढा. मुलांना शेजारी बसवा आणि ही कुलपे एकदा उघडून, एकदा लावून दाखवा. कुठे 'हो' म्हणायचे आणि कुठे 'नाही', दोन्ही शिकवा. नुसते 'नाही' शिकवल्याने काय होते, ते मी पाहिले आहे.