पाहुण्याच्या धावा

उरण-पनवेल पट्ट्यात थंडी पडली की टेनिस क्रिकेटच्या रात्री सुरू होतात. द्रोणागिरीच्या पायथ्याचं करंजाही त्याला अपवाद नाही. हॅलोजनचा उजेड, लाउडस्पीकरवर अखंड समालोचन, मालिकावीराला मोटारसायकल. संघातली बहुतेक पोरं गावची, पण एखाद-दुसरा बाहेरून आणलेला. तो कुणाचा मेव्हणा नाही की भाचा नाही. पैसे मोजून आणलाय, हे सगळ्यांना ठाऊक असतं. सलग दोन सामन्यांत तो लवकर बाद झाला, तर धक्क्यावर मासळीच्या आधी त्याचाच लिलाव होतो.

ही पाहुणेगिरी हा एक पेशाच आहे. अमेरिकेच्या बेसबॉलमध्ये तर तिला मोठी परंपरा आहे. टॉड झील हा मुख्यतः तिसऱ्या बेसवर खेळणारा गडी १९८९ ते २००४ या काळात अकरा संघांकडून खेळला, अकराही संघांसाठी होमरन मारला आणि कारकिर्दीतल्या शेवटच्या फटक्यालाही होमरनच मारून घरी गेला. आपल्याकडे हा पेशा रणजी करंडकात सापडतो. आणि त्यात मराठी माणसांनी जे करून ठेवलंय, त्याचा हिशेब कुणी नीट मांडलेला नाही.

सुरुवात भाऊसाहेब निंबाळकरांपासून करायला हवी. कोल्हापूरचे, जन्म १९१९चा. बडोदा, महाराष्ट्र, होळकर, मध्य प्रदेश, राजस्थान, रेल्वे: रणजीत एवढ्या संघांची टोपी त्यांनी घातली. फलंदाजी करायचे, मध्यमगती गोलंदाजी टाकायचे, वेळ पडली तर यष्टींमागेही उभे राहायचे. त्या काळी संघ बदलणं म्हणजे बहुधा नोकरी बदलणं. इंदूरच्या होळकरांनी सी. के. नायडूंना आपल्या फौजेत कर्नल केलं होतं. संस्थानिकाच्या पदरी बॅट घेऊन राहणं ही त्या वेळची रीतसर चाकरी होती. संस्थानं गेल्यावर ती जागा रेल्वेने घेतली.

डिसेंबर १९४८. पुण्यात पूना क्लबच्या मैदानावर महाराष्ट्राविरुद्ध काठियावाड. पाहुण्यांचा डाव २३८ धावांत आटोपला. मग निंबाळकर आणि कमल भांडारकर यांनी दुसऱ्या गड्यासाठी ४५५ धावा जोडल्या. भांडारकर २०५ वर गेले, निंबाळकर खेळतच राहिले. धावफलक ४ बाद ८२६, निंबाळकर नाबाद ४४३. ब्रॅडमनचा ४५२ चा विश्वविक्रम अवघ्या नऊ धावांवर. मधल्या सुट्टीत काठियावाडचे कर्णधार, राजकोटचे ठाकोरसाहेब, अडून बसले: डाव घोषित करा, नाहीतर आम्ही घरी जातो. महाराष्ट्राने डाव घोषित केला नाही. काठियावाडने सामना सोडला आणि गाडी पकडली. प्रथम श्रेणीत भारतीय फलंदाजाचं हे आजवरचं एकमेव चतुःशतक. निंबाळकर एकही अधिकृत कसोटी खेळले नाहीत. ठाकोरसाहेबांवर लोक अजून चिडतात. मला मात्र निवड समितीचा राग जास्त येतो.

आताचा नियम सुटसुटीत आहे. राज्य संघाला बाहेरचे तीन खेळाडू घेता येतात; जुन्या संघटनेचं ना-हरकत पत्र लागतं; सामन्याचं मानधन भारतीय क्रिकेट मंडळाकडून, करारातली रक्कम नव्या संघटनेकडून. पण माणूस घेतला तो नेमका कशासाठी? धावांसाठी म्हणून घेतात, आणि खरं काम भलतंच असतं.

हृषीकेश कानिटकर घ्या. ढाक्यात जानेवारी १९९८ मध्ये दोन चेंडूंत तीन धावा हव्या असताना पाकिस्तानच्या सकलेनला मारलेला चौकार लोकांच्या लक्षात राहिला आणि बाकीची कारकीर्द त्या चौकाराखाली झाकली गेली. पुण्याचा हा डावखुरा पुढे राजस्थानचा कर्णधार झाला. २०१०-११ मध्ये राजस्थान प्लेट गटात, म्हणजे दुसऱ्या फळीत होतं. पहिल्याच सामन्यात दीपक चहर नावाच्या नवख्या पोराने दहा धावांत आठ बळी घेतले आणि हैदराबाद २१ धावांत गारद झालं. रणजीतली ती नीचांकी धावसंख्या. त्याच हंगामात राजस्थानने बडोद्याला मागे टाकून पहिल्यांदा करंडक उचलला, आणि पुढच्या वर्षीही तो कुणाला दिला नाही. परक्या ड्रेसिंग रूममध्ये बाहेरच्याचं ऐकतात ते तो सकाळी नेट्सना सर्वांच्या आधी पोचतो म्हणून. कसोट्या किती खेळला हे दुसऱ्या आठवड्यात कुणी विचारत नाही.

वासिम जाफरचं उदाहरण तर पैशांचंच आहे. मुंबई सोडून तो विदर्भात गेला. २०१६-१७ चा हंगाम दुखापतीत वाया गेला, तरी संघटनेने त्याचे पैसे थांबवले नाहीत. म्हणून पुढच्या हंगामात तो करारातली रक्कम न घेता खेळला. त्याच हंगामात चंद्रकांत पंडित यांच्या मार्गदर्शनाखाली विदर्भाने इंदूरला दिल्लीला हरवून पहिला रणजी करंडक जिंकला. २०१८-१९ मध्ये चाळिशी ओलांडलेल्या जाफरने १,०३७ धावा केल्या आणि करंडक पुन्हा नागपुरात राहिला.

अमोल मुझुमदारची गोष्ट जास्त बोचते. १९८८ मध्ये आझाद मैदानावर सचिन तेंडुलकर आणि विनोद कांबळी यांची ६६४ ची भागीदारी चालू असताना पुढचा फलंदाज म्हणून पॅड बांधून बसलेला हा पोरगा. रणजी पदार्पणात हरियाणाविरुद्ध २६०, तेव्हाचा जागतिक विक्रम. २००६-०७ मध्ये मुंबईला करंडक जिंकून देणारा कर्णधार. तरी भारताची टोपी नाहीच. २००९ मध्ये त्याने मुंबई सोडून आसाम गाठलं, नंतर आंध्र. ११,१६७ प्रथम श्रेणी धावा करून २०१४ मध्ये तो थांबला. नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर २ नोव्हेंबर २०२५ रोजी भारताच्या मुलींनी दक्षिण आफ्रिकेला ५२ धावांनी हरवून विश्वचषक जिंकला, तेव्हा संघाचा प्रशिक्षक तोच होता.

पूर्वी हा उतारवयातला धंदा होता. आता पंचविशीतली पोरं निघतात. अर्जुन तेंडुलकर २०२२ मध्ये गोव्याला गेला आणि पहिल्याच रणजी सामन्यात त्याने शतक ठोकलं. पृथ्वी शॉ २०२५ मध्ये महाराष्ट्राकडे आला आणि चंडीगडविरुद्ध २२२ धावा काढून मोकळा झाला. यशस्वी जैस्वालने तर त्याच वर्षी गोव्यासाठी ना-हरकत पत्र मागितलं, आणि पुढच्याच महिन्यात विचार बदलून मुंबईतच राहायचं ठरवलं.