वर्गमूळ फलनाचा प्रांत कसा काढावा?

क्ष च्या जागी ज्या वास्तव संख्या घालता येतात, त्यांचा संच म्हणजे फलनाचा प्रांत.

वर्गमूळाच्या चिन्हाखालची राशी शून्य किंवा धन असावी लागते, कारण कोणत्याही वास्तव संख्येचा वर्ग ऋण येत नाही. भास्कराचार्यांनी बाराव्या शतकात ‘बीजगणित’ ग्रंथात हेच सांगितले: ऋण संख्या हा वर्गच नव्हे, म्हणून तिला वर्गमूळ नाही.

उदाहरण: √(१२ − ३क्ष)
१२ − ३क्ष ≥ ०
−३क्ष ≥ −१२
ऋण संख्येने भागताना असमानतेचे चिन्ह उलटते, म्हणून क्ष ≤ ४.

ताळा: क्ष = ४ घेतल्यास √० मिळते, ते चालते. क्ष = ५ घेतल्यास √(−३) येते, ते चालत नाही.

हेच वर्गमूळ छेदात असेल तर शून्यही बाद होते. मग क्ष < ४.

चिन्हाखाली क्ष² − ९ असेल तर आधी अवयव पाडावेत: (क्ष − ३)(क्ष + ३) ≥ ०. दोन्ही अवयव एकाच चिन्हाचे किंवा एखादा शून्य हवा, म्हणून क्ष ≤ −३ किंवा क्ष ≥ ३.