चौदाव्या दिवसापासून

बाबा गेले तेव्हा तेरा दिवस आमच्या घरात पाय ठेवायला जागा नव्हती. मावश्या रात्री आईजवळ झोपायच्या. चौदाव्या दिवशी सगळे आपापल्या घरी गेले आणि घर खायला उठलं. दूधवाल्याला ‘उद्यापासून एकच पिशवी’ एवढं सांगायला आईला दोन महिने लागले. उरलेल्या दुधाला ती विरजण लावायची, आणि दही खाणारा माणूस तर गेलेला.

‘वर्षश्राद्ध झालं की माणूस सावरतो’ असं सर्रास म्हणतात. दुःख तिथी पाळत नाही. पुढच्या दिवाळीत उटण्याच्या वासानेही भडभडून येतं, आणि तो आजार नव्हे. मात्र सहा महिन्यांनंतरही ओढ तितकीच तीव्र राहिली, जेवणखाण, कामधंदा सावरलाच नाही, तर जागतिक आरोग्य संघटनेच्या निकषांनुसार तो दीर्घकाळ लांबलेल्या शोकाचा विकार असू शकतो. अमेरिकी मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने 2022 मध्ये प्रौढांसाठी किमान वर्षभराची मुदत धरली. या विकारावर उपचार आहेत. सरकारच्या ‘टेलि-मानस’ या मानसिक आरोग्य हेल्पलाइनवर, 14416 या क्रमांकाला, कधीही, मराठीतून बोलता येतं.

नकारापासून स्वीकारापर्यंतचे शोकाचे ‘पाच टप्पे’ही असेच डोक्यात बसलेत. मानसोपचारतज्ज्ञ एलिझाबेथ कुब्लर-रॉस यांनी ते 1969 मध्ये मांडले, तेही मृत्यूच्या दारातल्या रुग्णांशी बोलून. मागे राहिलेल्यांचं मन त्या क्रमाने चालत नाही. मार्गारेट स्ट्रोब आणि हेंक शूट या संशोधकांनी 1999 मध्ये सांगितलं तसं ते हेलकावे खातं: घटकाभर आठवणीत, घटकाभर लाइट बिलात. म्हणून सकाळी रडलेली बाई दुपारी मालिका बघून हसली, तर कुजबुजू नका. आणि कोरड्या डोळ्यांनी बसलेलीला ‘रडवा तिला’ म्हणून हलवूही नका. नुसत्या न रडण्यावरून काहीच ठरत नाही.

एकटेपणाचा बराचसा भाग तर आपणच लादतो. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने मे 2022 मध्ये बांगड्या फोडणं, कुंकू पुसणं बंद करण्याचा ठराव केला. तरी हळदीकुंकवाच्या आमंत्रणातून विधवेचं नाव आजही गळतं, याचा मला संताप येतो.

‘गेलेल्याचा विषय काढू नये, जखमेवरची खपली निघते’ हे आम्हीही पाळत होतो. तिसऱ्या महिन्यात समोरच्या काकू मेथीची जुडी घेऊन निवडायला आल्या आणि म्हणाल्या, “भाऊजींना मेथीची गोळा भाजी आवडायची ना हो?” जुडी संपली तरी आई बोलतच होती.