कॅस्पियन : समुद्र की सरोवर?

नकाशातील ‘समुद्र’, ‘उपसागर’, ‘आखात’ या नावांवरून आकाराचा अंदाज बांधला, तर आपली फसगत होते. बंगालचा उपसागर तुर्कस्तानातील मार्मरा समुद्राच्या सुमारे दोनशे पट मोठा आहे. अटलांटिक महासागरातील सारगॅसो समुद्राला तर किनाराच नाही. भोवती फिरणारे सागरी प्रवाह हीच त्याची हद्द! ही नावे खलाशांनी व नकाशे काढणाऱ्यांनी आधीच ठेवली, व्याख्या मागाहून आल्या. मग नावाने बिघडते कुठे? कॅस्पियनच्या बाबतीत मात्र बिघडले.

कॅस्पियन समुद्र चहूबाजूंनी जमिनीने वेढलेला आहे. महासागराशी त्याचा नैसर्गिक संबंध नाही. भूगोलाच्या व्याख्येनुसार ते जगातील सर्वांत मोठे सरोवर ठरते, महाराष्ट्राहूनही विस्तीर्ण. पण पाणी खारे. महासागराच्या एक किलो पाण्यात साधारण ३५ ग्रॅम क्षार असतात, तर कॅस्पियनच्या पाण्यात सुमारे १३ ग्रॅम. लाखो वर्षांपूर्वी एका प्राचीन समुद्रापासून तुटून राहिलेला हा तुकडा आहे. म्हणजे जन्माने समुद्र, आजच्या स्थितीने सरोवर.

१९९१ पर्यंत त्याच्या काठी सोव्हिएत संघ आणि इराण हे दोनच देश होते. सोव्हिएत संघ फुटला आणि रशिया, कझाकस्तान, तुर्कमेनिस्तान, अझरबैजान व इराण असे पाच दावेदार झाले. तळाशी खनिज तेल आणि नैसर्गिक वायू. समुद्र म्हणावे, तर १९८२चा आंतरराष्ट्रीय सागरी कायदा लागू होणार आणि ज्याचा किनारा लांब त्याचा वाटा मोठा. सरोवर म्हणावे, तर वाटणी आपसांत ठरवायची. किनारा आखूड असलेल्या इराणची मागणी समान, म्हणजे पाचव्या हिश्श्याची होती. अखेर १२ ऑगस्ट २०१८ रोजी कझाकस्तानातील अक्ताऊ येथे पाचही देशांनी करारावर सह्या केल्या. त्यात कॅस्पियनला धड समुद्रही ठरवले नाही आणि सरोवरही नाही! प्रत्येक देशाला किनाऱ्यापासून १५ सागरी मैलांचे जलक्षेत्र मिळाले. तळाची वाटणी मात्र शेजाऱ्यांनी आपसांत करायची आहे.

निसर्ग कराराची वाट पाहत नाही. कॅस्पियनमध्ये येणारे बहुतेक पाणी एकट्या व्होल्गा नदीचे असते आणि ते बाहेर पडते फक्त वाफ होऊन. ही जमाखर्चाची वही बिघडली की पातळी लगेच हलते. १९७७ ते १९९५ या काळात ती सुमारे अडीच मीटर चढली. त्यानंतर ती उतरत गेली. उत्तर भाग अगदी उथळ असल्याने तेथील किनारा झपाट्याने मागे हटतो. हिवाळ्यात त्याच भागातील बर्फावर पिल्ले देणाऱ्या कॅस्पियन सीलचा आसराही त्यामुळे धोक्यात येतो.

वर्गाचे पाच गट करून हा प्रश्न मुलांपुढे ठेवून पाहा. व्याख्या पाठ करण्यापेक्षा, ती बदलली की कोणाच्या पदरात काय पडते, हे शोधताना आपला भूगोल अधिक पक्का होतो.