सापडलेली गाडी घरी आणताना

भारतात आई-वडिलांसाठी गाडी ठेवणारी आपल्या मंडळात बरीच कुटुंबे आहेत. पैसे आपण पाठवतो, आर. सी. बुक आपल्या नावावर असते आणि गाडी बाबा किंवा ड्रायव्हर चालवतो. सारे सुरळीत असते तोवर कागदावर नाव कोणाचे, याची कोणी चौकशी करत नाही. पण तीच गाडी एखाद्या फौजदारी गुन्ह्यात पोलिसांच्या ताब्यात गेली, की पहिला प्रश्न येतो, "मालक कोण?" आणि मालक तर सातासमुद्रापलीकडे!

आमची साताऱ्याची गाडी गेल्या वर्षी घरासमोरून चोरीला गेली. आईचे आठवड्यातून तीनदा डायलिसिस असते, गाडी त्यासाठीच घेतलेली. तीन आठवड्यांनी चोर पकडला गेला, गाडीही मिळाली. फोनवर बातमी ऐकून आम्ही इकडे पेढे वाटायच्या बेतात होतो. बाबा चावी घेऊन ठाण्यावर गेले, तर उत्तर मिळाले, "काका, गाडी आता मुद्देमाल आहे. कोर्टाची ऑर्डर आणा." चोरी आपल्याकडे झाली आणि अर्जही आपणच करायचा, हे त्यांना काही केल्या पटेना.

यामागचे कारण समजून घेतले म्हणजे निम्मा त्रागा कमी होतो. जप्त केलेली वस्तू हा खटल्यातला पुरावा असतो. मालकी आपलीच राहते, पण ताबा कोणाकडे द्यायचा हे कोर्ट ठरवते. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची ४९७ आणि ५०३ ही कलमे यासाठी आहेत. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच ४५१ आणि ४५७ होती.

खटला संपेपर्यंत गाडी अडकून पडते, हा आपल्याकडचा सार्वत्रिक समज. तो खरा नाही. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये स्पष्ट सांगितले, की जप्त वाहने ठाण्यात वर्षानुवर्षे ठेवण्यात काही अर्थ नाही. पंचनामा करावा, फोटो काढावेत, योग्य बंधपत्र व हमी घ्यावी आणि वाहन सोडावे. नव्या संहितेत तर मुदतीही आहेत: मालमत्ता कोर्टापुढे आल्यापासून १४ दिवसांत तिचे वर्णन तयार करायचे, आणि त्यानंतर ३० दिवसांत तिचे काय करायचे याचा आदेश द्यायचा. तरीही आपण अर्ज केल्याशिवाय फाईल हलेल, या भरवशावर राहू नये.

अर्ज त्या हद्दीतील प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे करायचा. सोबत आर. सी., विमा, एफ. आय. आर. आणि ओळखपत्राच्या प्रती जोडायच्या. कोर्ट पोलिसांचे व सरकारी वकिलांचे म्हणणे मागवते. मग सुपूर्दनामा लिहून घेऊन गाडी मिळते. अटी साधारण अशा: गाडी विकायची नाही, रंगरूप बदलायचे नाही, बोलावले की हजर करायची. चोरीचा क्लेम विमा कंपनीने आधीच चुकता केला असेल, तर मात्र कंपनीशी बोलल्याशिवाय पुढे जाऊ नये.

आमच्याकडे खोळंबा झाला तो सहीपाशी. वकिलांनी बाबांच्या नावाचे कुलमुखत्यारपत्र मागितले. अमेरिकेत केलेले असे पत्र भारतीय वकिलातीकडून साक्षांकित करून घ्यावे लागते, किंवा नोटरी करून राज्याच्या सेक्रेटरी ऑफ स्टेटकडून अपोस्टिल घ्यावे लागते. महाराष्ट्रात पोहोचल्यावर तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरावे लागते. ही धावपळ होईपर्यंत आई डायलिसिसला रिक्षाने जात होती. येताना अंगात त्राण नसायचे आणि रस्त्याचे तर आपल्याला ठाऊकच आहे! गाडी सात आठवड्यांनी सुटली. बॅटरी मेलेली, वायरी उंदरांनी कुरतडलेल्या. उघड्यावर उभे राहिलेले यंत्र चालत्या यंत्रापेक्षा लवकर मरते, हे आम्हा इंजिनिअर मंडळींना वेगळे सांगायला नको.

अपघाताच्या प्रकरणात थोडा फरक आहे. आधी आर. टी. ओ.चे निरीक्षक गाडी तपासतात. थर्ड पार्टी विमा नसेल तर नुकसानभरपाईपोटी तारण दिल्याशिवाय गाडी सुटत नाही. म्हणून हा विमा एक दिवसही खंडित होऊ देऊ नये. दारू, वाळू, अमली पदार्थ यांसाठी वेगळे कायदे आहेत आणि तिथे वाट अवघड. तरी अमली पदार्थांच्या प्रकरणातही वाहन तात्पुरते सोडता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये सांगितले आहे.

तेव्हा मंडळी, पुढच्या भारतभेटीत खरेदीच्या यादीत एक काम वाढवा. गाडी, पोलीस, कोर्ट आणि विमा यांचा स्पष्ट उल्लेख असलेले कुलमुखत्यारपत्र तिथेच, स्वतः हजर असताना, विश्वासातल्या माणसाच्या नावे करून ठेवा. एका दुपारचे काम आहे. आपल्या म्हाताऱ्या माणसांना ठाण्याच्या बाकावर ताटकळत बसावे लागणार नाही.